नापास कप

ज्या माणसाने चौतीस वर्षे कारखान्याच्या तपासणी विभागात बसून इतरांच्या कामातल्या शतांश मिलिमीटरच्या चुका काढल्या, त्याला स्वतःच्या स्वयंपाकघरात एक कप म्हणजे नेमके किती, हे ठाऊक नसावे! ही गोष्ट मापकाकांच्या ध्यानात आली ती गुरुवारी संध्याकाळी सहा वाजून दहा मिनिटांनी. वेळ त्यांनी स्वतःच वहीत टिपून ठेवली आहे.

'मापकाका' हे नाव इमारतीतल्या मुलांनी ठेवलेले. आवारातला झोपाळा एका बाजूने अर्धा इंच खाली आहे, हे त्यांनी ओळंबा लावून सिद्ध केले आणि दुरुस्ती होईपर्यंत झोपाळा बंद ठेवायला लावला, त्या दिवसापासूनचे. त्या ओघात त्यांच्या पत्नीही मापकाकू झाल्या. वास्तविक त्या माउलीने आयुष्यात 'बेताने', 'जरासे' आणि 'दिसेलच' या तीन मापांपलीकडे चौथे माप वापरल्याचे कोणाला आठवत नाही.

प्रसंग साधा होता. काकूंचा उजवा हात प्लास्टरमध्ये होता. पंखा पुसायला त्या स्टुलावर चढल्या आणि स्टूल कलंडले. "त्या स्टुलाचा एक पाय तीन मिलिमीटरने आखूड आहे, हे मी पूर्वीच सांगितलं होतं," असे काका इस्पितळात म्हणाले होते. विधान शास्त्रीयदृष्ट्या अचूक होते. पण त्यानंतर दोन दिवस घरात अबोला होता. तो संपतो न संपतो तोच काकूंच्या थोरल्या बहिणीचा, म्हणजे ताईंचा फोन आला. ताई रविवारी संध्याकाळच्या विमानाने परदेशी मुलाकडे निघाल्या होत्या, आणि या खेपेस परतीचे तिकीट काढलेले नव्हते. जाण्याआधी साडेतीनला त्या चहाला येणार होत्या.

"आणि हो," ताई फोनवर म्हणाल्या, "तेवढा ओट्सचा पाव करून ठेव गं. आईच्या हातचा तर आता मिळायचा नाही. निदान तुझ्या हातचा."

काकूंनी प्लास्टरकडे पाहिले. "करते हं," म्हणून फोन ठेवला आणि त्या खिडकीबाहेर पाहत बसल्या.

"बेकरीतून आणू," काका म्हणाले.

"बेकरीत मिळत नाही तो."

"मग मी करतो."

काकू वळल्या. त्यांच्या चेहऱ्यावर जे भाव होते, ते काकांनी पूर्वी एकदाच पाहिले होते: काकांनी लग्नानंतर प्रथम गाणे म्हटले तेव्हा. "तुम्ही?"

"अगं, पाव म्हणजे काय? एक प्रक्रिया. कच्चा माल, प्रमाण, तापमान, वेळ. चार गोष्टी काटेकोर पाळल्या की पाचवी आपोआप होते. यात यीस्टसुद्धा नाही, फुगायची वाट पाहायची नाही. तू कृती दे, बाकीचं तंत्रशिक्षण माझ्याकडे आहे."

"घोडामैदान जवळच आहे," एवढेच काकू बोलल्या आणि डाव्या हाताने कपाट उघडून त्यांनी कृतीचा कागद काढून दिला.

हा कागद म्हणजे एका जुन्या कॅलेंडरच्या महिन्याची पाठ होती. त्यावर लिहिले होते: ओट्स दोन कप. दही एक कप. ओट्स दह्यात भिजवावे, पेपर वाचून होईस्तोवर. मैदा दीड कप. साखर एक कप. तेल अर्धा कप. अंडी दोन. सोडा एक चमचा. मनुका हाताला येतील तेवढ्या. भाजावा. वास आला की काढावा.

काकांनी कागद दोनदा वाचला, चष्मा पुसून तिसऱ्यांदा वाचला. कोणत्याही तपासनिसाने असे आरेखन कारखान्यात आत येऊ दिले नसते. "वास आला की काढावा? कोणता वास? किती?"

"येतो तो."

"कुठपर्यंत यायला हवा?"

"हॉलपर्यंत," काकू म्हणाल्या. "स्वयंपाकघरापुरता आला तर कच्चा, जिन्यात गेला तर जळला."

काकांनी ते वहीत लिहून घेतले. आतून मात्र त्यांना एक विलक्षण कुतूहल वाटू लागले होते. चाळीस वर्षे ते हा पाव खात होते. मधोमध फुगलेला, माथ्यावर लांबट फट पडलेला. ती फट नेहमी मधोमधच का पडते, असा प्रश्न त्यांना कधी पडला नव्हता. ज्याने कारखान्यात केसाएवढ्या चिरेवर सहा पानी अहवाल लिहिला, त्याने घरातली ही चीर चाळीस वर्षे नुसती खाल्ली होती!

शुक्रवारी सकाळी काकू प्लास्टर दाखवायला इस्पितळात गेल्या. सोबत शेजारच्या भूगोलाच्या बाई होत्या. त्या शाळेतून निवृत्त झाल्या होत्या; पण शिकवण्यातून नाही. घर रिकामे मिळताच काकांनी पहिले काम हाती घेतले ते मापांच्या प्रमाणीकरणाचे. त्यांनी घरातले सगळे कप ओट्यावर एका ओळीत उभे केले. आठ निघाले. निरोप समारंभात सहकाऱ्यांनी भेट दिलेले काचेचे मोजपात्र काढले आणि एकेका कपात काठोकाठ पाणी भरून ते त्यात ओतले. पहिला कप दोनशे दहा मिलिलिटर. दुसरा एकशे बेचाळीस. तिसरा दोनशे साठ! एकाच छताखाली, एकाच कपाटात, आणि सगळे स्वतःला 'एक कप' म्हणवत होते. काकांना संताप आला नाही. खरे सांगायचे तर त्यांना फार आनंद झाला. दोष सापडल्यावर होणारा हा आनंद तपासनीस नसलेल्या माणसाला समजावून सांगणे कठीण आहे.

आठव्या कपाशी ते थबकले. एरवी पिठाच्या डब्याशेजारी एकटाच उभा असणारा पांढरा कप, काठाला दोन निळ्या रेघा, एका जागी टवका उडालेला आणि कान तुटलेला. तपासणीचा पहिला नियम असा, की जी वस्तू नुसत्या नजरेला सदोष दिसते, ती मापायची नाही. तिच्यावर वेळ घालवणे म्हणजे चांगल्या वस्तूंवर अन्याय. काकांनी कपाला लाल ठिपका लावला, वहीत 'क्रमांक आठ: दृश्य तपासणीत नापास, मापन केले नाही' अशी नोंद केली आणि खाली जाऊन तो सोसायटीच्या कार्यालयातल्या 'जुन्या वस्तूंच्या पेटी'त टाकून आले. येताना शाळा-महाविद्यालयांना उपकरणे पुरवणाऱ्या दुकानातून दोनशे पन्नास मिलिलिटरचा, स्टीलचा, मजबूत कानाचा, प्रमाणपत्रासह येणारा मापाचा कप घेऊन आले.

एक गोष्ट त्यांच्या बाजूने नमूद करायला हवी. कप कोणताही असो, सगळे जिन्नस त्याच कपाने घेतले तर प्रमाण तेच राहते, हा विचार त्यांनी केला होता आणि तो गणिताने बरोबर होता. घात केला तो ज्या गोष्टी कपाने मोजल्या जात नव्हत्या त्यांनी. पण त्याला अवकाश होता.

ओट्स दह्यात घातले आणि काका पेपर वाचायला बसले. काकूंचे पेपर वाचणे म्हणजे ठळक मथळे, शोकसंदेश आणि शब्दकोडे. पंधरा मिनिटांत आटोपणारे. काकांचे वाचन पहिल्या पानावरच्या तारखेपासून शेवटच्या पानावरच्या मुद्रकाच्या पत्त्यापर्यंत, मधल्या सर्व निविदांसह. एक तास वीस मिनिटांनी ते उठले तेव्हा ओट्सचे खळ झाले होते. पोस्टर चिकटवायला उत्तम. तरी काका डगमगले नाहीत. कृतीत लिहिल्याप्रमाणे पेपर वाचून झाला होता.

मिश्रण साच्यात ओतले तेव्हा ते काठाला आले. अंगापेक्षा बोंगा मोठा होतो आहे, हे दिसत होते. पण प्रक्रिया सुरू झाल्यावर मध्येच बदल करणे त्यांच्या शिस्तीत बसेना. अकरा वाजता त्यांनी ओव्हनच्या दोन्ही कॉइल लावल्या. वीस मिनिटांनी, भांडी धुवायला लागेल म्हणून गीझर लावला. पंख्याचे बटण दाबले, आणि इमारतीचा तो अख्खा भाग शांत झाला.

ही शांतता चार सेकंद टिकली. मग तळमजल्यावरून दातांचे डॉक्टर ओरडले, "कोण आहे रे तो?" त्यांचा दवाखाना त्याच वायरिंगवर होता. यंत्राची सुई एका गृहस्थाच्या दाढेत अर्ध्यावर थांबली होती, आणि गृहस्थ तोंड उघडे ठेवून छताकडे पाहत पडून होते.

फ्यूज बसवेपर्यंत ओव्हनमधला पाव धड कच्चा नाही, धड पक्का नाही अशा अवस्थेत गेला. वीज आल्यावर तो दुप्पट वेगाने फुगला, साच्यातून उतरला, जाळीतून खाली ओघळला आणि कॉइलवर बसून काळा झाला. बाहेरून कोळसा, आतून खळ. वास हॉल, जिना आणि फाटक ओलांडून गेला. त्या वासाचा माग काढत सोसायटीचे सचिव वर आले.

सचिव पूर्वी टपाल खात्यात होते, म्हणून सारे त्यांना पोस्टमास्तर म्हणत. कोणताही कागद दोन्ही बाजूंनी पाहिल्याशिवाय ते हातात घेत नसत. त्यांनी काकांपुढे एक छापील पत्रक धरले. "साहेब, दोन किलोवॅटच्या वर भार लावायचा असेल तर चोवीस तास आधी लेखी सूचना द्यावी लागते. नियम चार."

"असा नियम कोणी केला?" काका उसळून म्हणाले.

पोस्टमास्तरांनी पत्रक उलटे केले. खाली सही होती. सही काकांची होती. सहा वर्षांपूर्वी ते सचिव असताना त्यांनीच सोसायटीसाठी दहा नियम तयार केले होते. आपलेच दात आणि आपलेच ओठ. काकांनी मुकाट्याने अर्ज लिहिला. 'भाराचे कारण' या रकान्यात त्यांनी 'पाव' असे लिहिले. पोस्टमास्तरांनी वाचले, "एक चतुर्थांश?" असे विचारले, आणि "खायचा" हे उत्तर कंसात लिहून घेतले.

दुपारी काकू परतल्या. "अहो, मी नेहमी तीनला करते," त्या म्हणाल्या. "तीन ते पाच खालचा दवाखाना बंद असतो."

"मग कृतीत लिहिलं का नाहीस?"

"त्यात लिहायचं काय? पाव करताना डॉक्टर झोपलेले असावेत, असं?"

काकांनी ते वहीत लिहिले.

आता इमारतीत बातमी फुटली होती, आणि सल्ला देण्यास वयाची, शिक्षणाची वा अनुभवाची अट नसते. भूगोलाच्या बाई म्हणाल्या, की दोष सगळा उष्णतेच्या वाटपाचा आहे. साचा मध्यभागी ठेवला की विषुववृत्त होते, कोपऱ्यात ठेवला की ध्रुव. दातांचे डॉक्टर वर आले, ते आधी जाब विचारायला. पण पावाचा काळा तुकडा पाहिल्यावर त्यांचा राग मावळला. त्यांनी तो चिमट्याने उचलला, टेबलावर आपटून पाहिला आणि आदराने म्हणाले, "काका, तुम्ही हे नियमित करणार असाल तर खाली माझ्या पाट्या लावू द्या."

काकांना झोंबले. तरीही रात्री जेवताना त्यांच्या डोक्यात अपमानापेक्षा एक प्रश्नच जास्त घोळत होता: प्रमाण बरोबर असताना पाव मोठा का झाला? साचा लहान, की मिश्रण जास्त? शनिवारी त्यांनी दोन साचे घेतले, मिश्रण वाटून घातले, आणि दोन साच्यांना दोन चमचे या न्यायाने सोडा दुप्पट केला. अर्जाची मुदत दुपारी एकला पूर्ण होत होती, पण आता शहाणपण आले होते. ते तीनपर्यंत थांबले. गीझर बंद, पंखा बंद, डॉक्टर झोपलेले.

पाव निघाले. दोन. चपटे, पिवळट, आणि चवीला कपडे धुण्याच्या साबणाच्या निकटचे नातेवाईक. फट नव्हतीच. काकांनी एकाचा उभा छेद घेतला आणि भिंगातून पाहिले. वरचा थर दाट, मधला सच्छिद्र, खालचा पुन्हा दाट. शेजारच्या बाईंनी मान डोलावली. "हे जतन करा. मुलांना भूस्तर शिकवताना मला नेहमी नमुन्याची अडचण यायची."

त्या गेल्यावर काका ओट्याला टेकून उभे राहिले. उद्या साडेतीनला ताई येणार. पाव नसला तर ताई काही बोलणार नाहीत, हे त्यांना ठाऊक होते. 'असू दे गं, हात मोडलाय तुझा,' म्हणतील, चहा घेतील आणि जातील. आणि त्यानंतर काकू पुन्हा खिडकीबाहेर पाहत बसतील, आणि ते पाहणे पुष्कळ दिवस चालेल. हे काही वहीत लिहिण्यासारखे नव्हते.

काकू आत आल्या. त्यांनी पावाचा कपटा तोंडात घातला, डोळे मिटले, आणि गिळला. चाळीस वर्षांच्या संसारात यापेक्षा मोठे प्रेम काकांनी पाहिलेले नव्हते.

"सोडा जास्त झालाय. आणि सगळंच जास्त झालंय. कप कोणता घेतलात?"

काकांनी अभिमानाने स्टीलचा कप दाखवला. प्रमाणपत्रही दाखवले.

"हा? अहो, हा केवढा मोठा आहे! चमचा तेवढाच, अंडी तेवढीच, साचा तोच, आणि कप एवढाला? माझा कप कुठाय?"

"तुझा कोणता?"

"हाच इथला. डब्याजवळचा. निळ्या रेघांचा."

स्वयंपाकघरातला नळ ठिबकत होता. मिनिटाला बावीस थेंब. काकांनी एरवी लगेच दुरुस्त केला असता.

"अहो, मी काय विचारतेय?"

"तो... त्याला कान नव्हता."

"कान मला आहेत. कुठाय तो?"

काकांनी सांगितले. लाल ठिपक्यासह सांगितले. काकू स्टुलावर बसल्या, त्याच आखूड पायाच्या. "आईचा कप होता तो," त्या हळू म्हणाल्या. "पाव आईचा आणि कपही आईचा. त्या कपानंच तो होतो." मग त्या ओरडल्या नाहीत. ओरडल्या असत्या तर काकांना बरे वाटले असते.

काकांनी वही उघडली. सात कपांची सात मापे, दशांशासह. आठव्यापुढे: मापन केले नाही. चौतीस वर्षांच्या कारकिर्दीत जे एकमेव माप घ्यायला हवे होते, नेमके तेच त्यांनी घेतले नव्हते.

रविवारी सकाळी दहाला ते सोसायटीच्या कार्यालयात हजर झाले. पोस्टमास्तर रविवारचा अख्खा दिवस तेथेच काढत, कारण घरी दूरदर्शनचा रिमोट नातवंडांच्या ताब्यात असे. पेटी रिकामी होती. मात्र टेबलावर, सोसायटीच्या शिक्क्याशेजारी, निळ्या रेघांचा कप उभा होता. त्यात तीन पेने, एक पट्टी आणि एक कात्री होती. लाल ठिपका जाऊन तेथे पांढऱ्या रंगात त्रेचाळीस हा आकडा आला होता.

ताकाला जाऊन भांडे लपवण्यात अर्थ नव्हता. "तो कप माझा आहे. चुकून टाकला गेला," काका म्हणाले.

पोस्टमास्तरांनी नोंदवही उघडली. "बाब क्रमांक त्रेचाळीस. कप, एक, पांढरा, कान तुटलेला. सोसायटीच्या मालकीचा. नियम सात: पेटीत पडलेली वस्तू कोणत्याही कारणास्तव मूळ मालकास परत मिळणार नाही."

हा नियम कोणी केला, असे काकांनी या वेळी विचारले नाही. दातांच्या डॉक्टरांनी एक खुर्ची तीनदा दान करून तीनदा परत नेली, तेव्हा तो त्यांनीच केला होता, आणि 'कोणत्याही कारणास्तव' हे शब्द फार विचारपूर्वक घातले होते. आपल्याच नियमाचा भंग आपल्याचसाठी मागणे त्यांच्या स्वभावात नव्हते. ते वर गेले आणि मोजपात्र व पाण्याचा तांब्या घेऊन परत आले.

"नियमात नेण्याला बंदी आहे. मोजण्याला आहे का?"

पोस्टमास्तरांनी दहाही नियम दोन्ही बाजूंनी वाचले. "नाही," ते नाइलाजाने म्हणाले.

पेने बाहेर काढण्यात आली. काकांनी कप धुतला, टेबलावर समतल ठेवला आणि काठोकाठ पाणी भरले. ते पाणी मोजपात्रात ओतले. वाकून, एक डोळा मिटून, पाण्याच्या पातळीला डोळा नेऊन वाचले. एकशे सत्त्याऐंशी. पुन्हा मोजले. एकशे सत्त्याऐंशी. आपल्या दोनशे पन्नासच्या जवळजवळ तीन चतुर्थांश! म्हणजे कच्चा माल एक तृतीयांशाने जास्त, आणि अंडी, सोडा, साचा, वेळ, सारे जिथल्या तिथे. सगळे कोडे सुटले. काकांना इतका हर्ष झाला, की त्यांनी पोस्टमास्तरांचा हात हातात घेऊन हलवला. टपाल खात्यात तसे कधी घडले नसावे. पोस्टमास्तर बराच वेळ तो हात पाहत होते.

दुपारी सव्वादोनला काकांनी सुरुवात केली. ओट्स भिजले, काकूंनी मथळे आणि शोकसंदेश वाचले, कोड्यातला शेवटचा शब्द अडला, तरी पंधराव्या मिनिटाला उठल्या. मोजपात्रावर एकशे सत्त्याऐंशीला काकांनी रेघ मारली होती. मनुकांपाशी ते थांबले. "हाताला येतील तेवढ्या म्हणजे कुणाच्या हाताला?"

काकूंनी डावा हात डब्यात घालून मूठ भरली आणि भांड्यात सोडली. काकांनी मुठीचे माप घेतले नाही. घ्यावेसे वाटले होते.

तीनला पाव ओव्हनमध्ये गेला. दुसरे कोणी असते तर बाहेर जाऊन बसले असते. काकांनी ते आखूड पायाचे स्टूल ओढले आणि विजेरी घेऊन काचेसमोर बसले. वीस मिनिटे काही घडले नाही. मग कडा वर आल्या. मग मध्य. पृष्ठभाग आधी चकचकीत, मग मंद, मग कोरडा झाला. आणि एकोणतिसाव्या मिनिटाला, त्यांच्या डोळ्यांदेखत, माथ्यावर मधोमध एक बारीक रेषा उमटली, लांबली आणि उघडली.

"पडली! अगं, फट पडली!"

"ती पडायचीच," हॉलमधून काकू म्हणाल्या.

"का पडते माहीत आहे? वरचा थर आधी वाळतो, आतला अजून वाढतच असतो! त्याला जागा मिळत नाही, मग तो—"

"भाऊजी, कोणाला काय झालं?" दारातून ताईंचा आवाज आला. त्या एक मिनिट लवकर आल्या होत्या. "आणि हा वास... अगं बाई, हॉलपर्यंत आला!"

"मग काढा," काकू ओरडल्या.

पाव गरमच कापला. काका पाव निवल्यावर कापण्याच्या मताचे होते, पण गाडी पावणेपाचला येणार होती. ताईंनी पहिला घास घेतला. दुसरा घास घेतला, तिसरा घेतला, आणि मग बशी खाली ठेवून बहिणीकडे पाहिले.

"तूच केलास ना? खरं सांग."

"एका हातानं?"

"भाऊजींनी?" ताईंनी काकांकडे असे पाहिले, की काकांना चौतीस वर्षांत मिळालेली सगळी प्रशस्तिपत्रे फिकी वाटली. त्यांनी लगोलग तीन पानी कार्यपद्धती आणली. पारदर्शक वेष्टनात घातलेली. तापमान, वेळ, छेदाचे चित्र, वासाच्या पल्ल्याचा तक्ता. "ताई, हे सोबत न्या. तिकडे कुठंही करता येईल."

ताईंनी पाने उलटली, कौतुकाने परत दिली. "भाऊजी, हे मला काय कळणार? सुनेच्या घरात सगळं परकं. ओव्हन परका, चमचे परके. आईचा कप आहे ना? तो तेवढा मला धुऊन आणून द्या. नुसता बघते एकदा."

काकूंनी काकांकडे पाहिले. त्या नजरेत राग नव्हता, 'आता?' एवढेच होते.

"तो कप..." काका म्हणाले. "खाली आहे. आलोच मी."

जिना उतरताना ते मनात एकेक नियम म्हणत होते. एक, सर्वसाधारण. दोन, वाहने. तीन, पाणी. चार, विद्युतभार. सात तर पाठच होता. आठ, झोपाळा. नववा नियम आठवला तेव्हा ते मधल्या कठड्यापाशी थांबले, आणि कोणी पाहत नाही याची खात्री करून एकटेच हसले.

पोस्टमास्तरांपुढे त्यांनी आधी कागदात गुंडाळलेले पावाचे दोन काप ठेवले. मग म्हणाले, "नियम नऊ. पेटीतली वस्तू सदोष असल्यास, आजी अथवा माजी पदाधिकाऱ्याच्या सहीने दुरुस्तीसाठी बाहेर नेता येईल. मी माजी पदाधिकारी. बाब त्रेचाळीसला कान नाही. दुरुस्तीला नेतो."

पोस्टमास्तरांनी नियम वाचला. उलटून वाचला. एक काप खाल्ला. मग नोंदवही पुढे सरकवली आणि काकांनी सही केली.

वर ताईंनी कप दोन्ही हातांत धरला, टवक्यावरून बोट फिरवले. "कान तू तोडलास याचा."

"मी? तू! दूध कुणी आधी प्यायचं म्हणून तूच ओढलास."

"मी धरला होता. ओढलास तू."

"पंचावन्न वर्षं हेच सांगतेयस."

"खरं आहे म्हणून सांगतेय," ताई म्हणाल्या, आणि दोघी इतक्या हसल्या, की काकूंच्या प्लास्टरमध्ये कळ आली. मग काकूंनी डाव्या हाताने कप बहिणीच्या पर्समध्ये, शालीच्या घडीत सरकवला.

"अगं, आणि तुला?"

"मला कशाला? माझ्याकडे मोजणारा माणूस आहे."

खाली गाडीचा हॉर्न वाजला. निघताना ताई काकांच्या कानाशी येऊन म्हणाल्या, "भाऊजी, कान तिनंच तोडला. तुम्ही वहीत लिहून ठेवा." काकांनी लिहून ठेवले. मागून काकूंनी ते वाचले आणि खोडले.

सोमवारी सकाळी काका कार्यालयात गेले आणि त्यांनी टेबलावर प्रमाणपत्रासह स्टीलचा कप ठेवला. पोस्टमास्तरांनी नोंदवही उघडली, चष्मा लावला, आणि कप सगळ्या बाजूंनी पाहिला.

"बाब त्रेचाळीस," ते सावकाश म्हणाले. "नोंदीप्रमाणे कप, एक, पांढरा, कान तुटलेला, दुरुस्तीस पाठवला. परत आलेला कप स्टीलचा आहे, साहेब."

"कान बसवलेला आहे," काका म्हणाले. चौतीस वर्षांत सदोष मालावर त्यांनी कधी सही केली नव्हती. पण त्यांचा आवाज जराही हलला नाही. "मजबूत आहे. ओढून पाहा."

पोस्टमास्तरांनी कान ओढून पाहिला. मग नोंदवही जवळ ओढली.

"काल दोन काप होते," ते म्हणाले. "घरी नेईपर्यंत एकही उरला नाही."

"येत्या रविवारी पुन्हा करणार आहे. तीन वाजता. भाराचा अर्ज आणला आहे."

पोस्टमास्तरांनी अर्ज घेतला. पेने एकेक करून नव्या कपात ठेवली. आणखी दोन मावली असती. मग त्रेचाळीसपुढच्या शेऱ्याच्या रकान्यात त्यांनी ठळक अक्षरात लिहिले: 'दुरुस्त होऊन परत. स्थिती पूर्वीपेक्षा चांगली.' आणि खाली, सहीसाठी, नोंदवही मापकाकांकडे वळवली.